अर्थाचा रकाना

इस्पितळाच्या तळमजल्यावर, रक्त तपासायची खोली ओलांडून पुढं गेलं की डाव्या हाताला जन्मनोंदणीची खिडकी लागते. त्या खिडकीमागं नोंदबाई एकतीस वर्षं बसल्या होत्या, आणि निवृत्तीला चार महिने उरले असताना त्यांना कशाचंच काही वाटेनासं झालं होतं. गुडघे बोलायला लागले होते. चष्म्याचा नंबर वाढला होता, पण दुकानात जाऊन तो बदलून घ्यायचा कंटाळा. जिन्याखालच्या त्या खोलीत भर दुपारीही दिवा लावावा लागे, आणि शिपाई चहा आणून ठेवी तो साय धरेपर्यंत तसाच पडून राही.

बाईंना एक खोड होती. गाव बंदराचं, त्यात दोन मोठे कारखाने, त्यामुळं कुठकुठली माणसं पोटासाठी आलेली. बाळाचं नाव सरकारी रजिस्टरात चढवलं की बाई विचारत, ‘अर्थ काय याचा?’ सरकारला अर्थाशी काही देणंघेणं नव्हतं, म्हणून बाईंनी घरून एक जाड वही आणून तिच्यात स्वतःच रकाने आखले होते. तारीख, नाव आणि अर्थ. अशा नऊ वह्या झाल्या.

काय एकेक तऱ्हा. काहींकडं जन्मवारावरून नाव ठेवायचे, म्हणजे सात नावांत अख्खं गाव. एकाला हाक मारली की निम्मी आळी वळून बघत असणार. काही जण हयात आजोबांचं नाव नातवाला मोठ्या मानानं देत. काहींच्या मते तसं करणं म्हणजे त्या म्हाताऱ्याला घाई करणं. अशा दोन घरांतले नवराबायको एकदा खिडकीशी तासभर भांडले आणि शेवटी एका शेजाऱ्याचं नाव देऊन मोकळे झाले. आधीची मुलं गेलेल्या आया बाळाला केर, दगड, उकिरडा अशा अर्थाची नावं देत, मृत्यूनं बघून नाक मुरडावं म्हणून. आणि एकीनं पाचव्या मुलीच्या नावाचा अर्थ ‘पुरे’ असा सांगितला तेव्हा बाईंनी पेन खाली ठेवलं होतं. लिहावं तर लागलंच. घरी जाऊन नवऱ्यापाशी चिडचिड केली, तर तो म्हणाला, तू कारकून आहेस, तुला न्यायाधीश कुणी नेमलंय?

मग संगणक आला. नाव टाका, बटण दाबा, पुढचा माणूस. दोन वर्षांपूर्वी नववी वही बंद पडली. कुणी बंद केली नाही, बाईंनीच एक दिवस ती कपाटातून काढली नाही.

एका मंगळवारी जेवणाच्या सुट्टीनंतर एक मुलगी खिडकीशी आली. तेवीस-चोवीसची असेल. तिनं नाव बदलायचा अर्ज पुढं सरकवला आणि हात मात्र त्याच्यावरच ठेवला. नवीन नोकरी लागली होती, तिथं तरी सुटसुटीत नाव असावं, असं म्हणाली. मग हळूहळू बाकीचं निघालं. आई कुठल्या तरी लांबच्या बेटावरची, मुलगी आठ महिन्यांची असताना तापानं गेली. वडील बोटीवर. वाढवलं आत्यानं, आणि आत्या कायम म्हणायची की तुझ्या नावाला काही अर्थबिर्थ नाही, आई आजारी पडली होती म्हणून कुठल्या तरी नर्सनं सुचेल ते ठेवलं. शाळेत मास्तरांपासून पोरांपर्यंत सगळ्यांनी त्या नावाची मोडतोड केली. आईची भाषा बोलणारं इथं कुणी उरलं नव्हतं. बाईंच्या वह्यांचं तिला शिपायानं सांगितलं होतं.

"अर्थ असेल तर हेच नाव ठेवते," ती म्हणाली. "नसेल तर अर्ज आजच देते."

बाई उठल्या. उठताना गुडघा धरला, कपाटाची किल्ली शोधली, चौथी वही काढली आणि धूळ पदरानं पुसली. तारीख सापडली. त्या दिवशी सत्तावीस नोंदी होत्या. पहिल्या वीस नोंदींपुढं अर्थ लिहिलेले, पुढच्या सातांपुढं कोरं. ही मुलगी त्या सातांतली.

तो दिवस बाई विसरल्या नव्हत्या. धाकट्याला ताप होता, तीन रात्री डोळ्याला डोळा लागलेला नव्हता, आणि रांग जिन्यापर्यंत गेली होती. बाळ खांद्यावर घेतलेली एक किडकिडीत बाई आली. हेच नाव सांगून झालं तरी ती हलेना. बाईंनी विचारलंही नव्हतं आणि ती मोडक्यातोडक्या शब्दांत, हातवारे करत, नावाचं काहीतरी सांगायला लागली. बाईंनी तिच्या डोक्यावरून मागच्या माणसाला या म्हटलं होतं.

नऊ वह्यांत सुरेख अर्थ कमी नव्हते. ‘पहाट होता होता आलेली.’ ‘जिची वाट पाहिली ती.’ त्यातला एक उचलून दिला असता तर तपासायला कोण येणार होतं? मुलगी खूश होऊन गेली असती आणि बाईंना पाय लांब करून बसता आलं असतं. खोटं बोलायला काहीच कष्ट नव्हते. मोह झाला, अगदी ओठांवर आला.

"अर्थ लिहिलेला नाही," बाई म्हणाल्या. "मी विचारलाच नाही. तुझी आई आपणहून सांगत होती, मीच ऐकलं नाही. फार दमले होते मी."

आता ही तोंडसुख घेणार असं बाईंना वाटलं, आणि घेऊ दे, असंही वाटलं.

"आई स्वतः आली होती?"

"हो. रांगेत उभी राहून. तू खांद्यावर होतीस."

"म्हणजे नर्सनं नाही ठेवलं."

"नाही बाळा. तिनंच ठेवलं. आणि का ठेवलं ते तिला सांगायचं होतं." बाईंना स्वतःची भयंकर चीड आली आणि रडूही आलं. "माझ्याच जिवावर आलं ऐकायचं."

मुलीनं अर्जावरचा हात काढून वही स्वतःकडं वळवून घेतली. नावाच्या शेवटच्या अक्षरापुढं पेन्सिलीची एक लांब रेघ ओढलेली होती. ही कसली, तिनं विचारलं. बाईंनी डोळे मिटून जरा आठवलं. तुझी आई शेवट लांबवून म्हणायची, त्या म्हणाल्या, लांबून कुणाला बोलवावं तसा. ते लक्षात राहावं म्हणून ओढली असेल.

"म्हणून दाखवा ना."

बाईंनी म्हणून दाखवलं. मुलीला ते परकंच वाटलं असावं. तिनं मान थोडी कलती केली. रांगेतला कुणीतरी खाकरला. बाईंनी चष्मा काढून ठेवला आणि या वेळी जरा मोठ्यानं, शेवट पुरता लांबवून, तिचं नाव पुन्हा घेतलं.

"ओ," मुलगी म्हणाली.

तिच्याही नकळत ते तोंडातून गेलं होतं. तिनं खिडकीचा कठडा धरला. मग तिनं नाक पुसलं आणि म्हणाली, "तो अर्ज तेवढा परत द्या."