पायथ्याशी नारळ फोडणारा कडूबा

आमच्या अमडापुरात शालूबाईच्या तोंडी लागायची कुणाची छाती नव्हती. तिच्या अंगणात शेजारची कोंबडी शिरली, तर कोंबडीच्या मालकाच्या सात पिढ्यांचा उद्धार व्हायचा. नवरा कडूबा मात्र गरीब गाय. त्याला बारा महिने दमा, पण शालूबाई ते चारचौघांत कबूल करायची नाही. तो खोकू लागला की म्हणायची, "मिर्चीचा ठसका हाय." नवऱ्याला कुणी दुबळा म्हटलेलं तिला खपत नसे.

असा हा कडूबा खुनाच्या आरोपाखाली अकोल्याच्या तुरुंगात गेला. त्याचा शेतशेजारी उकंडराव गावच्या देवीच्या टेकडीवर मरून पडलेला सापडला होता. दोघांचं धुऱ्यावरून, म्हणजे शेताच्या बांधावरून, जुनं भांडण. त्यातच एकानं जबानी दिली की, कडूबा काठी घेऊन उकंडरावाच्या मागे टेकडी धावत चढताना मी पाहिला. खालच्या कोर्टानं जामीन नाकारला. तुरुंगात कडूबाचा दमा बळावला. खटला उभा राहीपर्यंत हा टिकतो की नाही, याचीच आम्हाला धास्ती.

मग सेशन कोर्टात अर्ज केला. आमचे वकील भालचंद्रपंत म्हणाले, "खुनाला शिक्षा फाशीची किंवा काळ्या पाण्याची. म्हणून आरोप खरा वाटण्याजोगा असला तर जामीन नाही. पण आरोपी बाई असेल, पोर असेल किंवा आजारी असेल, तर जज्जाला सोडता येतं. आपली भिस्त दम्यावर." दम्याचं त्यांना मी सांगितलं होतं, शालूबाईनं नव्हे. जामीनदार म्हणून मीच उभा राहणार होतो.

जज्जसाहेबांनी आरोपीला समोर आणायला फर्मावलं. शालूबाई पुंजाजी न्हाव्याला गावाहून घेऊनच आली. ओळखीच्या शिपायाची मनधरणी करून तिनं कोर्टाच्या व्हरांड्यात कडूबाची दाढी करवली, धुतलेलं धोतर नेसवलं, फेटा बांधला आणि सुंठ-गुळाचा कढत काढा पाजला. "ताठ उभे राहा. रोगट मानूस पाह्यला तं साहेब म्हनन, यानंच केलं असन," तिनं दरडावलं. आमचा नवरदेव पाहून भालचंद्रपंत मटकन बाकावर बसले.

"हाच का आजारी माणूस?" जज्जसाहेबांनी विचारलं. सरकारी वकील हसले. साहेब कडूबाकडे वळले. "काय त्रास आहे तुला?"

कडूबानं बायकोकडे पाहिलं. "काही नाही, साहेब."

भालचंद्रपंत मागे वळून हळूच म्हणाले, "बाई, आता तुम्हीच बोला. नाहीतर हा तुरुंगातच मरेल." त्यांनी साहेबांची परवानगी मागितली. शालूबाई उठली. तिची मान खाली गेलेली मी पहिल्यांदाच पाहत होतो.

"साहेब, हे आजारी हायेत. काढा पाजून मीच उभं केलं त्याईले. देवीच्या टेकडीवर मी एकटीच जातो. हे पायथ्यालेच नारळ फोडतात. लगन झालं तवापासून एकडावही वर चढले नाहीत." एवढं बोलून ती रडायला लागली.

साहेबांनी जबानीचा कागद पुन्हा वाचला. "यात तर आरोपी टेकडी धावत चढला आहे."

"बायको नवऱ्याचीच बाजू घेणार," सरकारी वकील म्हणाले.

साहेबांनी पोलिसांसोबत आलेल्या आमच्या गावच्या अर्जुनराव पाटलांना विचारलं. पाटील सरकारचा माणूस, पण देवीची गोष्ट निघाल्यावर खोटं कसं बोलणार? "हाव साहेब. साऱ्या गावाले ठाऊक हाय. याचा परसाद गुरव खाली आनून देते."

"मग पोलिसांना का नाही सांगितलं?"

"कोनं इचारलंच नाही, साहेब."

साहेब बराच वेळ लिहीत राहिले. मग त्यांनी सांगितलं, की तुरुंगाचा डॉक्टरही दमाच म्हणतो, आणि ही जबानी आज तरी भरवशाची वाटत नाही. जामीन मंजूर. "ही सुटका नव्हे. खटला चालेल, तारखेला हजर राहायचं," त्यांनी बजावलं. आम्ही माना डोलावल्या. मी जामीनपत्रावर सही केली.

बाहेर पडताना कडूबाला धाप लागली. तो कोर्टाच्या पायरीवरच बसला आणि फेटा काढून मोठमोठ्यानं श्वास घेऊ लागला. कारकून, पक्षकार, सगळे बघायला लागले. आता ही त्याला फाडून खाणार म्हणून मी पुढे झालो. शालूबाई त्याच्याजवळ बसली आणि सगळ्यांदेखत त्याची पाठ चोळू लागली.

"बसा निवांत," ती म्हणाली. "पाहू द्या लोकाईले."