गेरूची रेघ

विमल, आधीच सांगते, माझं अक्षर वाकडं आहे आणि ऱ्हस्व-दीर्घ मला कधी कळलंच नाही. चौथीनंतर पाटी सुटली ती सुटलीच. तू शिकलेली आहेस, चुका दिसतील तिथे मनातल्या मनात नीट करून वाच आणि रागावू नकोस. समोर बसून बोलायचं म्हटलं की माझा आवाज फुटत नाही, म्हणून माझ्या सुनीताच्या जुन्या वहीच्या कोऱ्या पानांवर लिहिते आहे. पाठवीन की नाही ते अजून ठरवलेलं नाही.

तू विचारलंस, "ताई, आम्ही सुरतेत घरासाठी कर्ज घेऊ का?" हो की नाही, एवढं तर कार्डावरही मावलं असतं. पण मला ते एका शब्दात सांगता येत नाही.

आम्ही गाव सोडलं तेव्हा तू आठ वर्षांची होतीस. तुला आठवतं का, आबांनी आमचं सामान कापसाच्या जिनात नेऊन काट्यावर ठेवलं होतं? आयुष्यभर त्यांनी दुसऱ्यांचा कापूस मोजला, त्या दिवशी लेकीचा संसार मोजला. पत्र्याची पेटी, दोन गोधड्या, तवा, पाटा-वरवंटा आणि मायनं बांधून दिलेली उडदाची डाळ. "सदतीस किलो," आबा म्हणाले. "एवढ्यावर भागवशील ना, माय?" सुनीता माझ्या कडेवर होती. आबांनी तिला उचललं आणि हसत म्हणाले, "हिला नाही मोजत, हिला परत आणायची आहे. आखाजीला न्यायला येतो मी." मग दोंडाईच्याहून पॅसेंजरने सुरत, तिथून वापी, आणि वापीहून माणसांनी खचाखच भरलेल्या टेम्पोतून सिल्वासा. तुझ्या दाजींना मसाटला सूत गुंडाळायच्या मशीनवर काम मिळालं होतं.

पहिली तीन वर्षं भाड्याच्या खोल्यांत गेली. तीन वर्षांत चार खोल्या. मालकाचा भाचा आला की आम्ही बाहेर, मालकाने भाडं वाढवलं की आम्ही बाहेर. म्हणून मसाटच्या रस्त्याला बैठ्या घरांची रांग होत होती, तिथे एक घर धरलं. पन्नास हजार किंमत. माझ्या पाटल्या, पोत आणि तुझ्या दाजींचा फंड मिळून दहा हजार झाले. चाळीस हजार बँकेचे. पंधरा वर्षं, दर महिन्याला पाचशे एकोणीस रुपये. पगार बाराशे होता.

मला एवढंच कळलं, की पंधरा वर्षं भरलं की घर आपलं.

घर दोन खोल्यांचं, आतून नुसता करडा गिलावा. बिल्डरने रंग दिला नव्हता. पहिल्या दिवाळीला चुना आणला, कुंचला भिजवला आणि माझा हात थांबला. वाटलं, हे सगळं अजून आपलं कुठे आहे? बँकेची भिंत आपण का पांढरी करायची? आठ भिंती आणि पंधरा वर्षं, म्हणजे वर्षाला साधारण अर्धी भिंत. मी चुलीमागची अर्धी भिंत पांढरी केली आणि कुंचला धुऊन ठेवला. शेजारच्या मंजुबेन दारातून डोकावून म्हणाल्या, "केम बेन, चूनो खूटी गयो?" मी म्हटलं, चुना संपला नाही, पुढच्या दिवाळीला पुढची. त्या पोट धरून हसल्या. पुढे सगळ्या रांगेत आमच्या घराला 'अर्ध्या चुन्याचं घर' हेच नाव पडलं. तुझे दाजी चिडायचे, पण पुसून टाक असं कधी म्हणाले नाहीत.

त्या दिवाळीनंतरच्या आखाजीला आबा ठरल्याप्रमाणे न्यायला आले. इकडच्या बायकांना मी सांगायचे, आमच्या खानदेशात लेकी आखाजीला, म्हणजे अक्षय तृतीयेला, माहेरी जातात, कोणीतरी न्यायला आल्याशिवाय निघत नाहीत, आणि गेल्या की झोका सोडून खाली उतरत नाहीत. सांगायचे, पण जायचे नाही. सुनीता आणि इथे झालेली धाकटी, दोघींना घेऊन जाणं-येणं, तिकडे नेण्याचं लुगडं-खाऊ, त्यात निम्मा हप्ता जायचा. मी आबांना म्हटलं, "अर्धं घर आपलं झालं की येते. तोवर नाही." आबांनी पांढऱ्या भिंतीवर तळवा ठेवला. "एवढी तुझी?" "एवढी माझी." "मग चार झाल्या की येशील." रात्र काढून ते एकटे परत गेले. पुढच्या वर्षी पुन्हा आले, त्याच्या पुढच्याही. दारातून आत पाय टाकायच्या आधी विचारायचे, "घर कितलं व्हयनं वं, माय?" आणि मी जेवढं झालं तेवढ्या भिंतीकडे बोट दाखवायचे. दरवर्षी एक पाऊल पुढे. मला फार बरं वाटायचं ते. पाच वर्षांत अडीच भिंती झाल्या. अजून तीन दिवाळ्या की चार होतील, मग मी झोक्यावर.

हप्ता भरायला नेहमी तुझे दाजीच जायचे. त्या दिवाळीनंतर त्यांची पाळी बदलली, म्हणून मी गेले. खिडकीपाशी कोकणातले एक वयस्कर साहेब होते, चष्मा कपाळावर चढवलेला. पैसे घेऊन त्यांनी एक कागद दिला, वर्षाचा दाखला म्हणून. मी घरी नेऊन वाचला असता, पण तिथे बाकड्यावर बसले आणि वाचला. बाकी मुद्दल: चौतीस हजार एकशे सहा.

मी कधी कोणाला चुकलात म्हटलेलं नाही, विमल. त्या दिवशी म्हटलं. खिडकीशी जाऊन म्हटलं, "साहेब, तुमचं चुकलंय. आम्ही एकतीस हजार भरलेत."

"भरलेत ना. कोण नाही म्हणतंय?"

"मग चाळीसातले एकतीस गेले की नऊ राहतात."

त्यांनी चष्मा डोळ्यांवर घेतला आणि माझ्याकडे नीट पाहिलं. मागे लोक उभे होते. "ताई, तुम्हाला कोणी सांगितलं नाही का? ताटावर आधी व्याज बसतं. त्याचं पोट भरून उरेल ते मुद्दलाला." मग स्लिपच्या पाठीवर लिहून दाखवलं. पहिला हप्ता पाचशे एकोणीस, त्यात व्याज चारशे पन्नास, मुद्दल एकोणसत्तर.

"एकोणसत्तर?"

"एकोणसत्तर. पंधरा वर्षं असंच भरलंत तर त्र्याण्णव हजार जातील. त्यात आमची चोरी नाही बरं. तुमच्या मिस्टरांनी सही केली त्या कागदावर सगळं लिहिलेलं आहे."

मागचा माणूस म्हणाला, "काकी, घर जाके हिसाब करो ना." पण मी हलले नाही. विचारलं, "जास्त भरलं तर?"

साहेबांनी मान वर केली. "जास्तीचं सरळ मुद्दलात जातं. मग पुढचं व्याजही तेवढ्याने कमी. फक्त दर वेळी अर्ज द्यायचा, नाहीतर आमची पोरं तो पुढचा हप्ता म्हणून धरतात." आणि काय लिहायचं ते त्यांनी सांगितलं.

घरी आले. चाळीस हजाराच्या आठ भिंती म्हणजे पाच हजाराची एक भिंत, एवढं चौथीचं गणित मला येत होतं. पाच वर्षांत मुद्दल फिटलं होतं पाच हजार आठशे चौऱ्याण्णव. मी गेरू कालवला आणि बोटाने रेघ ओढली. एक भिंत पूर्ण आणि पुढच्या भिंतीवर हातभर. त्याच्या पुढची सव्वा भिंत पांढरी होती, पण ती आपली नव्हती. चुना खरवडून काढावा असं वाटलं. पण चुन्याचा काय दोष?

तुझे दाजी कामावरून आले, रेघ बघून म्हणाले, "हे काय?" मी कागद पुढे केला. त्यांनी तो उलटसुलट करून पाहिला. "साहेब म्हणाले होते पाचशे एकोणीस, पंधरा वर्षं. मी म्हटलं ठीक. अजून काय विचारायचं असतं ते मला तरी कुठे ठाऊक?" ते जेवले नाहीत. दुसऱ्या दिवशी बाजारातून जुना मोठा स्टोव्ह घेऊन आले. मी काही मागितलं नव्हतं. कंपनीतली आपल्याकडची पोरं हॉटेलचं खाऊन कंटाळली होती, सहा जणांचे डबे धरले. कळण्याची भाकरी, शेवभाजी, ठेचा. सुनीता शाळेला जाताना चार डबे पोचवायची.

दोनशे रुपये सुटायचे, कधी दीडशे, कधी तीनशे. दर महिन्याला मी बँकेत जायचे आणि अर्ज लिहायचे: जादा भरलेली रक्कम मुद्दलात जमा करावी ही विनंती. माझ्या हातून हेच वाक्य सगळ्यात जास्त वेळा लिहिलं गेलं आहे. त्यातलं एकही अक्षर वाकडं येत नाही. पाच वर्षांत जेवढी रेघ सरकली होती, त्याच्या पाऊणपट ती पुढच्या एका वर्षात सरकली. रेघ पांढऱ्याच्या पुढे गेल्यावर दर दिवाळीला चुनाही तिच्यापर्यंतच न्यायचा, असं ठरवलं.

पण त्याआधी एक आखाजी आली, तिचं सांगायचं राहिलं.

आबा आले. दारात उभे राहून नेहमीसारखं विचारलं आणि मी बोट दाखवायच्या आत त्यांना रेघ दिसली. काट्यावरचा माणूस, त्यांना समजवावं लागलं नाही. "काट्यात खोट होती का गं?" मी म्हटलं, "काटा बरोबर होता, आबा. मलाच वाचता आला नाही." ते खाली बसले. पाणी प्यायले. "मग यंदाही नाही." निघताना त्यांनी रेघेवरून अलगद बोट फिरवलं. बोटाला लागलेला गेरू त्यांनी धोतराला पुसला नाही, तसाच नेला.

त्यानंतर ते मला न्यायला आले नाहीत. मला वाटलं रागावले. तुझ्या लग्नाला मी दोन दिवस आले, तेव्हाही नीट बोलणं झालं नाही. मंडपात ते सगळ्यांचं बघत फिरत होते, आणि मला परतीची गाडी गाठायची होती. डबे होते ना. पोरांना सांगून आले होते, परवा देते म्हणून.

मग त्या पौषात आबा गेले. मी पोचले तेव्हा सगळं आटोपलं होतं. तेराव्यानंतर मायनं फडक्यात बांधलेले पैसे माझ्या हातात दिले. अकराशे चाळीस. म्हणाली, "तुझं भाडं. न्यायला गेलो की पोरीला नाही म्हणावं लागतं, तिचा जीव कासावीस होतो, असं म्हणायचे, म्हणून ते यायचे थांबले. पण दर आखाजीला तुमच्या सगळ्यांचं जाण्या-येण्याचं बाजूला काढायचे. झोकाही बांधायचे." तू तिथेच उभी होतीस. तू म्हणालीस, "रिकामाच हलायचा गं, ताई." ते वाक्य तू विसरली असशील.

आता मी तुला ते सांगते, जे कोणालाच सांगितलेलं नाही. ते फडकं हातात आलं तेव्हा, आबांना जाऊन दोन आठवडेही झाले नव्हते, माझ्या मनात पहिल्यांदा आलं ते हेच: हे मुद्दलात भरले तर दोन-अडीच महिने कमी होतील. रडू त्याच्या नंतर आलं. कर्जाने माझ्याकडून काय घेतलं, ते मला त्या घटकेला कळलं. व्याजाचे वरचे अडतीस हजार दाखल्यावर छापून येतात, कोणालाही वाचता येतात. दहा आखाज्या कोणत्याच कागदावर आल्या नाहीत. सुनीता चौदाची झाली, झोक्यावर बसून कसं वाटतं ते तिला ठाऊक नाही.

आणि मी ते पैसे भरले. अर्ज लिहिला, तेच वाक्य, आणि मुद्दलात टाकले.

म्हणून तुला सांगते, घर घे. भाड्याच्या चार खोल्या मी विसरलेले नाही, आणि आज मला इथून कोणी उठवू शकत नाही, हे लहान सुख नाही. पण सही करायच्या आधी विचार, पहिल्या हप्त्यातलं मुद्दलाला किती जातं. लाजू नकोस, मागे कितीही लोक उभे असोत. आणि न्यायला कोणी आलं तर जा. अर्ध्या घराची वाट बघू नकोस. गाव मला आता घर वाटत नाही, तिथला काटा दुसऱ्याच माणसाच्या हातात आहे. इथेही पुष्कळ वर्षं मी पाहुण्यासारखीच राहिले, भिंतीला खिळा ठोकताना रेघेच्या अलीकडे की पलीकडे ते बघत. घर म्हणजे काय, हे कोणी विचारलं तर माझ्या डोळ्यांसमोर भिंतीवरची ती जागा येते, जिथे आबांच्या बोटाने रेघ जराशी फिसकटली आहे. तेवढी वीतभर जागा सोडून मी बाकीचं सगळं रंगवते.

यंदा चैत्रात बँकेत गेले. कोकणातले साहेब बदली होऊन गेले, आता एक तरुण मुलगा बसतो. मी पैसे दिले आणि सवयीने घडी केलेला अर्ज पुढे सरकवला. त्याने वाचला, वही बघितली आणि हसला. "आंटी, अब इसकी जरूरत नहीं. खाता बंद हो गया." घराचे कागद द्यायला त्याने सही मागितली. मी सावकाश केली.

अर्ज परत घेतला आणि येताना चुना आणला. शेवटची अर्धी भिंत उरली होती. मंजुबेन दारात येऊन म्हणाल्या, "आज दिवाळी छे?" मी म्हटलं, "नाही, आखाजी आहे चार दिवसांनी." त्यांनी पदर खोचला आणि दुसरा कुंचला उचलला. संध्याकाळपर्यंत भिंत वाळून पांढरी झाली. मग बँकेचा कागद पुन्हा एकदा उघडून वाचला. बाकी मुद्दल: काही नाही.