तुम्हाला मिळायची नाही

लसवाले अप्पा म्हाताऱ्यांना कधी लस घ्या म्हणून सांगत नसत. घेऊ नका म्हणत. सरकारी नोकरी टोचण्याची, आणि हा गृहस्थ चावडीसमोर सायकल लावून मोठ्यानं बजावायचा, "साठीच्या वरच्यांनी उगा गर्दी करू नका. तुमच्यासाठी न्हाई ही." मग निवांत स्टोव्हवर सुया उकळत ठेवायचा. पाण्याला आधण येईपर्यंत निम्मे म्हातारे भांडायला हजर.

बहात्तरच्या दुष्काळात आमच्या पारनेरकडच्या विहिरी आटल्या. तीन वस्त्या एकाच डबक्यावर पाणी भरू लागल्या आणि शेजारच्या वस्तीत पटकीची, म्हणजे कॉलऱ्याची, साथ आली. दोन माणसं गेली. माझे वडील, तात्या, सत्तरीचे. रोज त्याच वस्तीवर चहाला जाणार, अन् लसीचं नाव काढलं की "आता आमचं काय राह्यलंय" म्हणत तंबाखू मळणार. मी शाळामास्तर. चार दिवस समजावलं, घसा बसला, जिवाला नुसता घोर लागला. शेवटी अप्पांना गाठलं.

अप्पा घरी आले. सगळ्यांना टोचलं, तात्यांकडे ढुंकूनही पाहिलं नाही, आणि पेटी आवरायला लागले.

"अन् मला?"

"तुमाला न्हाई मिळायची. वय झालं तुमचं. औषध वाया जातंय."

तात्या असे भडकले म्हणता! परवाच विहिरीत उतरून गाळ काढलाय, मला म्हातारा म्हणतोस व्हय रे, म्हणत बाही सरकवून पुढ्यात बसले. अप्पांनी पडेल चेहऱ्यानं टोचलं आणि कुठं बोलू नका म्हणून विनवलं. संध्याकाळपर्यंत तात्यांनी गावभर केलं. दुसऱ्या दिवशी चावडीवर ही म्हाताऱ्यांची रांग!

वेशीपर्यंत सोडायला गेलो तेव्हा मी म्हणालो, अप्पा, सोंग बाकी झकास वठलं. ते हसले नाहीत.

"मास्तर, नोकरीच्या पहिल्या साली आईला तीन दिस समजावत बसलो. लई ग्वाड बोललो. चौथ्या दिशी ती पटकीनंच गेली. तवापासनं समजावनं सोडलं."

पुढे अप्पा निवृत्त झाले, तेव्हा तात्या काठी टेकत निरोपाला गेले आणि चारचौघांत म्हणाले, "अप्पा, आता तुला बी मिळायची न्हाई बरं." म्हणजे म्हाताऱ्याला सगळं ठाऊक होतं. अप्पा हसता हसता डोळे पुसत राहिले.

परवा नगरला डॉक्टरांनी मला न्यूमोनियाची लस सांगितली. ही म्हणे खास म्हाताऱ्यांसाठीच. आता आमचं काय राहिलंय, तोंडातून निघून गेलंच. नर्सबाई गोड बोलून समजावू लागल्या आणि मला अप्पांची आई आठवली. मी बाही वर केली.

"बाई, समजावू नका. 'तुम्हाला मिळायची नाही', एवढंच एकदा म्हणा."

बिचारीनं घाबरत म्हटलं. खरं सांगतो, मला राग आलाच.