पसाऱ्याचा नियम

मंगळवारी सकाळी तुरीची डाळ निवडताना माझी पत्नी वारली. सुपात दोन ढीग राहिले, एक निवडलेला आणि एक निवडायचा. ते सूप मी कुणाला हलवू दिले नाही.

सक्करदऱ्यात आमच्या शेजारी पदार्थविज्ञानाचे एक प्राध्यापक राहत. एन्ट्रॉपी हा त्यांचा लाडका विषय. मराठीत ते तिला पसारा म्हणत, आणि विश्वातला पसारा वाढतच जातो, मागे फिरत नाही, हे दूधवाल्यालाही समजावत. घरात हा नियम त्यांच्या फार सोयीचा होता. पलंगावर ओला टॉवेल पाहून वहिनी ओरडत, "आवरत काहून नाही जी?"

"निसर्गाच्या विरोधात काहून जाऊ वं?"

"मंग चहा निसर्गालेच मागा!"

भेटायला येणारे सगळे मला म्हणत, "स्वतःला आवरा." प्राध्यापक एकटेच तसे म्हणाले नाहीत, नुसते जवळ बसून राहत. म्हणून अस्थी घेऊन रामटेकला जाताना घराची किल्ली मी त्यांच्याकडे दिली.

परतलो तेव्हा ते दारात उभे होते, बाह्या वर सारलेल्या. आत सूप झटकून खुंटीला टांगलेले होते.

"जन्मात पहिल्यांदा आवरलं जी भाऊ, तुमच्यासाठी," ते म्हणाले. "डाळ पूरी डब्यात भरली."

त्यांचा चेहरा इतका उजळला होता की मी त्यांच्यासाठी चहा ठेवला. नियम त्यांचाच होता, तो त्यांना काय सांगायचा?

डबा फळीवर आहे. त्यातली तिने निवडलेली डाळ कोणती, ते आता सांगता येत नाही.