ओमाय बेटाचं नाव

तामाल नकाशेवाल्याविषयी लिहायचा मला फारसा अधिकार नाही. आमच्या दोन घरांची भिंत एकच, पण तिच्यापलीकडे तो कसा जगत होता हे मला कधी नीट कळलं नाही. मी वल्ही करतो, तो नकाशे करायचा. जाता-येता मान हलवायची, एवढाच संबंध. पण तो गेल्यावर लोक त्याचं जे गुणगान करतात, त्यात तो मला कुठे सापडत नाही, म्हणून लिहायला बसलो.

आमच्या औरू सरोवरातली बेटं पूर्वी वाऱ्यासरशी वाहत जायची. नकाशात नाव लिहून शाई वाळली की बेट जागेवर थांबतं. तामालनं तरुणपणी गावोगाव फिरून एवढी बेटं थांबवली की पंचांनी त्याला आपल्यात आसन दिलं. दरवर्षी दिव्यांच्या सणाला त्याचा नकाशा नावेतून मिरवत न्यायचे. तो नावेच्या टोकाला मान खाली घालून बसायचा. आम्ही म्हणायचो, केवढा हा विनय!

एकदा भर दुपारी उत्तरेकडची एक म्हातारी त्याच्या अंगणात येऊन उभी राहिली. नुमई तिचं नाव. मी ओसरीवर वल्हं तासत होतो.

"तूच ना रे तो, बेटांची नावं विचारत फिरणारा?"

"मीच, बाई."

"मला ओळखलंस? कसा ओळखशील! नुसता आवाज ऐकला होतास माझा. मी आत अंगावर पाणी घेत होते. दाराबाहेरून कुणी मेला ओरडला, 'हे कुठलं बेट?' मी ओरडले, 'ओमाय!' आणि तू खुशाल लिहून घेतलंस!"

ओमाय म्हणजे तिकडच्या बोलीत 'आत येऊ नका, मी उघडी आहे.' अर्थ आम्हा सगळ्यांना ठाऊक होता. त्या बेटाचे लोकच तसले, असं आम्ही धरून चाललो होतो. आमच्यात नवरी सासरच्या उंबरठ्यावर मोठ्यानं आपल्या बेटाचं नाव घेते, आणि ओमायच्या पोरींनी नाव घेतलं की वऱ्हाड पोट धरून हसायचं. मीही हसलो आहे.

"तेव्हा माझ्याकडे बघण्यासारखं काही होतं तरी," म्हातारी म्हणाली. "आता तेही नाही, नाव मात्र चिकटलंय. तो आवाज माझा होता हे घरात कुणाला सांगायची हिंमत झाली नाही मला. आता नात लग्नाची आहे. म्हणते, उंबरठ्यावर मी मुकीच राहीन. मुक्या नवरीला कोण घरात घेतं, सांग!"

तामाल म्हणाला, "मला ठाऊक होतं."

"काय ठाऊक होतं?"

"नाव चुकलंय ते. फार पूर्वीच कळलं. पण तोवर मला आसन मिळालं होतं."

"मऊ असेल," म्हातारी म्हणाली.

त्याचा चेहरा मी पाहिला आणि पुन्हा वल्ह्याकडे बघायला लागलो. माणसाचा असा चेहरा शेजाऱ्यानं बघू नये.

लिहिलेलं नाव ज्यानं लिहिलं त्यानंच पुसायचं, तेही चारचौघांत, चूक कुणाची हे मोठ्यानं सांगून, असा आमचा नेम आहे. आणि त्या जागी खरं नाव लिहून झालं की पुसणाऱ्या हाताला पुन्हा शाई मिळत नाही. पंचांनी तामालला समजावलं, "अहो, एवढ्याशा बेटासाठी कशाला? चार माणसं हसली तर काय बिघडलं?" तो ऐकेना. सभेत उभा राहिला. त्याचा आवाज इतका बारीक झाला होता की मागून कुणीतरी ओरडलं, "मोठ्यानं बोला की!" मग त्याला सगळं पुन्हा सांगावं लागलं. म्हातारीचं नाव त्यानं घेतलं नाही. अंगठा ओला करून त्यानं ओमाय पुसलं, आणि बेटाच्या लोकांनी सांगितलं ते सिवाल हे खरं नाव लिहिलं.

शाई वाळेपर्यंत बेट सरकलं ते लव्हाळ्यांत जाऊन थांबलं. तिथे मासळी कमी. तेही त्याला लागलं.

नुमईच्या नातीच्या लग्नाला मी त्याला माझ्या होडीतून नेलं. मुलीनं उंबरठ्यावर स्वच्छ आवाजात सिवालचं नाव घेतलं. कुणी हसलं नाही. नुमईनं काठावरून हाक मारली, "अरे, जेवायला तरी ये!" त्यानं हात जोडले, पण होडीतून उतरला नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी माझ्या ओसरीशी आला. त्याच रात्री तो झोपेतच गेला, म्हणून हे बोलणं शेवटचं ठरलं.

"एखादं वल्हं देतोस घासायला?" तो म्हणाला. "हात रिकामे आहेत."

"या की उद्यापासून. फक्त जुने कपडे घालून या. तेलाचे डाग निघत नाहीत."

"बरं," तो म्हणाला. "जुने आहेत."