पुस्तकात सापडलेलं पंचमीचं गाणं

जुन्या पुस्तकाचा वास आला की मला बीड जिल्ह्यातल्या नांदूरघाटातली ती दुपार आठवते. नुकतंच लग्न होऊन मी कोकणातून तिथं आले होते आणि सासूबाईंचं निम्मं बोलणं मला कळत नसे. एकदा वाचनालयात बीडकडच्या लोकगीतांचं पुस्तक सापडलं. घरी येऊन त्यातलं पंचमीचं गाणं मी मोठ्यानं वाचलं, तशा शेंगा फोडत बसलेल्या सासूबाई ताडकन उठल्या.

“आगं, हे तर आमचं गाणं! पुस्तकात हाय? पर आसं सपक कावून वाचतीस? लई झोकात म्हणायचं असतंय!”

त्यांच्या हाकेसरशी शेजारणी जमल्या आणि अंगणात फेर धरला गेला. माझी पावलं चुकत होती, हसू आवरत नव्हतं. एरवी माझ्याशी जेवढ्यास तेवढं बोलणाऱ्या सासूबाई गाता गाता सगळ्यांना सांगत होत्या, “आमच्या सुनंनं आणलंय हे!”