केळीच्या बागेतली पावलं

पूजेच्या केळीच्या खांबांचा ओला, तुरट वास आला की मला रावेरकडची आमची बाग आठवते. स्वातंत्र्यानंतरची दोन-तीन वर्षं, माझं नवीन लग्न. थोरले दीर वारल्यापासून त्यांच्या बायकोला, आमच्या अक्कांना, वर्षभर कुणी घराबाहेर पाहिलं नव्हतं.

त्या दुपारी मी पानं कापायला एकटीच बागेत शिरले. आत हिरवट अंधार होता. वारा नव्हता, तरी पुढच्या ओळीत पानं सळसळत होती आणि चिखलात पावलं वाजत होती. वाकून पाहिलं तर अक्का! डोळे मिटून, अनवाणी, झपझप येरझाऱ्या घालत होत्या. चालून चालून तिथे पायवाटच पडली होती. त्यांच्या अंगात आलंय असं मला तेव्हा वाटलं. आता कळतं, त्या नुसत्या चालत होत्या.

मी किंचाळले. त्यांनी माझा हात घट्ट धरला.

"आत्याबाईले सांगू नको, बाई. घरात बसून माहे पाय मेले व्हते."

संध्याकाळी मी सासूबाईंना म्हटलं, "आत्याबाई, मले बागेत एकटीले भेव वाटते. अक्कांले सोबत नेऊ?"

त्यांनी चुलीतलं लाकूड आत सारलं.

"ने तिले," त्या हळूच म्हणाल्या. "मागचं दार मीच रोज उघडं ठेवते."